शेवटच्या डावाचा दुभाषी

"सांगा त्याला, मी ठीक हाय म्हणून."

अभिनंदन मगदूमनं माझा शर्ट छातीपाशी मुठीत धरला होता. हेल्मेट काढलेलं होतं आणि घामानं केस कपाळाला चिकटले होते. तो हसत होता, पण नजर माझ्यावर नव्हती. माझ्या डाव्या खांद्यापलीकडं, जिथं कुणीच उभं नव्हतं, तिथं तो बघत होता.

"काय म्हणतोय तो?" कोचनं इंग्रजीत विचारलं.

घड्याळात अकरा सेकंद उरले होते. समोरच्या टीमचे तेरा गुण, आमचे दहा. जिथं चेंडू न्यायचा ती घराची रेषा चार यार्डांवर होती आणि आमचा एकच डाव शिल्लक होता. गडहिंग्लजच्या त्या मैदानाभोवती पाच-सहा हजार माणसं उभी राहून बोंबलत होती.

"सर," अभिनंदन माझ्या कानाशी आला. "मला दोन-दोन दिसालेत. कोच बी दोन, तुम्ही बी दोन. त्याला सांगू नका. ठीक हाय एवढंच सांगा."

मी दुभाष्या होतो. तो जे बोलेल ते इंग्रजीत सांगायचं, एवढंच माझं काम.

ही बारा-तेरा वर्षांपूर्वीची गोष्ट. मी कोल्हापुरात ज्युनियर कॉलेजला इंग्रजी शिकवायचो. त्या साली कुणीतरी आपल्याकडं अमेरिकन फुटबॉलची लीग काढली. सहा शहरांच्या सहा टीम, पगारी खेळाडू. आमच्या टीमचं नाव 'कोल्हापूर गवे'. शिकवायला ओहायोहून ग्रिग्ज नावाचे साठीचे कोच आले. त्यांना मराठी येत नव्हतं, पोरांना इंग्रजी येत नव्हतं. म्हणून जाहिरात आली आणि मी गेलो. त्याआधी मी त्या खेळाचा चेंडूसुद्धा पाहिला नव्हता.

पोरं आली होती तालमीतून आणि कबड्डीच्या मैदानांवरून. पहिल्याच दिवशी कोच मला म्हणाले, "हुक्केरी, तू तुझ्या मनाचं काही सांगायचं नाहीस. मी बोललो ते त्यांना, ते बोलले ते मला. आपल्यामध्ये तू नाहीसच असं मला वाटलं पाहिजे."

मी मान डोलावली. पण शब्दशः सांगून पोरांना काही कळेना. म्हणून मी आमची एक बोली तयार केली. चार वेळा प्रयत्न करून दहा यार्ड पुढं जायचं असतं, त्या प्रत्येक प्रयत्नाला डाव म्हणायचं. चेंडू हातात घेऊन कुणाला द्यायचा ते ठरवणारा जो मुख्य खेळाडू, त्याला मी वाढपी म्हटलं. आणि मैदानाच्या टोकाची ती पट्टी, जिथं चेंडू नेला की सहा गुण मिळतात, ते घर. पंधरा दिवसांत कोचसुद्धा "वाडपी! वाडपी!" म्हणून ओरडायला लागले आणि पोरांनी त्यांचं ग्रिग्जअण्णा करून टाकलं.

कोल्हापूर म्हणजे फुटबॉलवेडं गाव. पायानं खेळायच्या फुटबॉलचं वेड. आमच्या पहिल्या सामन्याला गर्दी झाली ती फुटबॉल म्हणूनच. पहिल्याच मिनिटाला आमच्या पोरानं चेंडू काखेत मारला आणि पळत सुटला तेव्हा अख्खं स्टँड उभं राहून ओरडलं, "अरे हाताला लागला! हाताला लागला!" अर्ध्या तासात निम्मी माणसं घरी गेली. उरलेल्या निम्म्यांना मात्र गोडी लागली. एक म्हातारे तर माझ्याजवळ येऊन म्हणाले, "ही कुस्तीच हाय की ओ, पण बावीस जणांची."

आम्ही तो सामना हरलो. पुढचाही हरलो. ओळीनं नऊ हरलो.

तरी एक पोरगा असा होता की तो पळायला लागला की हरत आलेल्या सामन्यातही माणसं उठून उभी राहायची. तो म्हणजे रुई गावचा अभिनंदन. कबड्डीत चढाई करायचा. अंगानं बारीक, पण कमरेत असा लचकायचा की पकडायला आलेला गडी हवेलाच मिठी मारायचा. सहा टीमच्या त्या लीगमध्ये सगळ्यांत जास्त यार्ड त्याच्या नावावर होते. सीझन संपल्यावर प्रत्येक टीममधला एक खेळाडू तीन महिन्यांच्या शिबिराला अमेरिकेला नेणार होते, आणि निवड करणारा माणूस शेवटच्या सामन्याला येणार होता. रुईत तर अभिनंदनच्या आईनं पोराचे स्वेटर विणायला घेतले होते.

शेवटचा सामना गडहिंग्लजला झाला, हैदराबादशी. मे महिना होता. हैदराबादची टीम पहिल्या क्रमांकावर होती आणि आम्ही तळाला. पण त्या दुपारी आमच्या पोरांच्या अंगात काय संचारलं होतं कोण जाणे. अभिनंदननं एकदा चाळीस यार्डांची धाव घेतली, तीन माणसं चुकवली, चौथ्याच्या अंगावरून उडी मारून घरात पडला. ग्रिग्जअण्णांनी डोक्यावरची टोपी काढून जमिनीवर आपटली आणि तिच्यावर नाचले. मी पोरांना काय सांगतोय, कोचला काय सांगतोय, माझं मलाच कळत नव्हतं. एकदा तर मी कोचशी मराठीत बोललो आणि पोरांशी इंग्रजीत. शेवटच्या मिनिटाला तेरा-दहा झालं आणि आम्ही घरापासून चार यार्डांवर येऊन थडकलो.

आधीच्या डावाला अभिनंदननं चेंडू घेऊन मुसंडी मारली होती. समोरून त्यांचा एक धिप्पाड गडी आला. दोघांची हेल्मेटं एकमेकांवर आदळली. तो आवाज मला रेषेबाहेर ऐकू आला, नारळ फोडल्यासारखा. अभिनंदन पडला आणि लगेच उठला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. कोचनं वेळ थांबवली आणि फळीवर आकृती काढायला घेतली.

मी मात्र अभिनंदनकडं बघत होतो. तो उठून हैदराबादच्या बाकाकडं चालत गेला. त्यांच्या पोरांमध्ये जाऊन उभा राहिला. त्यांनी हसून त्याला ढकललं, तेव्हा इकडं तिकडं बघितलं आणि आमच्याकडं आला. आमचे डॉक्टर मैदानाच्या पलीकडच्या टोकाला होते. आमच्या एका पोराचं खांद्याचं हाड मोडलं होतं आणि ते त्याला रुग्णवाहिकेत चढवत होते.

कोचनं फळीवरून डोकं वर केलं, अभिनंदनचा चेहरा बघितला आणि मला म्हणाले, "त्याला विचार, बरा आहे का?"

मी विचारलं, आणि त्यानं माझा शर्ट धरला.

"काय म्हणतोय तो?" कोचनं दुसऱ्यांदा विचारलं.

"सर, आयुष्यात एकदा येत्यात अशी अकरा सेकंद," अभिनंदन म्हणाला. "तुमच्या पाया पडतो."

मी कोचकडं वळलो. "ठीक आहे म्हणतो," मी म्हटलं. कोच फळीकडं वळले. पेनचं टोपण त्यांनी दातात धरलं. मला वाटतं एवढ्यात दोन सेकंद गेले असतील.

"खोटं बोलतोय," मी म्हणालो. "त्याला दोन-दोन दिसतंय. तो मघाशी त्यांच्या बाकाकडं गेला होता."

कोचनं मला पुन्हा विचारलं नाही. पेन खिशात ठेवलं, अभिनंदनच्या हातातलं हेल्मेट काढून घेतलं आणि माझ्या पोटावर दाबलं. "धर. काहीही झालं तरी देऊ नकोस. हेल्मेट नसेल तर तो आत जाऊ शकत नाही."

अभिनंदनला इंग्रजी येत नव्हतं, पण हेल्मेट माझ्याकडं आलेलं त्याला कळलं. "काय सांगितलासा त्याला?" तो म्हणाला. "सर, काय सांगितलासा?"

कोच दस्तगीर शिकलगारला हाक मारत होते. दस्तगीर म्हणजे हुपरीचा पैलवान, वजन एकशे अठरा किलो. सबंध सीझन त्याचं एकच काम होतं, समोरच्याला अडवून धरायचं. चेंडू त्याच्या हातात कधी आला नव्हता.

"त्याला सांग, चेंडू तो नेणार," कोच म्हणाले.

अभिनंदन माझ्या हातातलं हेल्मेट ओढत होता आणि मी दस्तगीरला सांगत होतो, "दस्तगीर, वाढपी चेंडू तुला देणार. डावीकडं बघू नको, उजवीकडं बघू नको. समोर जायचं."

"मी?" दस्तगीर म्हणाला. "सर, मी न्हाई नेला कधी. घरात गेल्यावर काय करू?"

"काही करू नको. आत गेलास की झालं."

"आणि थांबवलं तर?"

हे मी कोचला विचारलंच नाही. "थांबायचं नाही," मी माझ्या मनानं सांगितलं.

शिट्टी झाली. अकरा पोरं रेषेवर गेली. अभिनंदन आता दोन्ही हातांनी हेल्मेट खेचत होता. मी खाली बसलो, हेल्मेट मांडीत घेतलं आणि त्याच्यावर वाकलो. तो माझ्या पाठीवर गुद्दे मारत होता. तो डाव मी बघितला तो त्याच्या काखेखालून.

चेंडू मागं आला. वाढप्यानं तो दस्तगीरच्या पोटात खुपसला. दस्तगीरनं तान्ह्या लेकराला धरावं तसा तो दोन्ही हातांनी छातीशी धरला आणि मान खाली घालून निघाला. पहिला गडी त्याच्या गुडघ्याला लोंबकळला. दुसरा कमरेला. तिसऱ्यानं मानेवर उडी मारली. दस्तगीर थांबला. मग त्याचा एक पाय उचलला गेला आणि वीतभर पुढं पडला. मग दुसरा. तीन माणसं अंगावर घेऊन तो एकेक वीत चालला होता, चिखलातून बैल निघावा तसा. चौथा आला, पाचवा आला, आमची पोरं मागून रेटायला लागली, आणि तो सगळाच्या सगळा ढीग कोसळला.

पंच धावले. एकेकाला बाजूला ओढायला लागले. वरचा हैदराबादचा, खालचा आमचा, परत त्यांचा. सगळ्यांत तळाला दस्तगीर पालथा पडला होता आणि चेंडू त्याच्या छातीखाली होता, रेषेच्या पलीकडं, हातभर आत.

पंचानं दोन्ही हात वर केले.

ते ओरडणं मी पुन्हा कधी ऐकलं नाही. माणसं कुंपणावरून आत आली. हलगी सुरू झाली. कुणीतरी दस्तगीरला उचलायला गेलं आणि जमलं नाही, तर त्यानंच दोघांना उचललं. ग्रिग्जअण्णा रडत होते. नऊ सामने हरलेली टीम पहिल्या नंबरच्या टीमला हरवून उभी होती, आणि मी हेल्मेट धरून जमिनीवर बसलो होतो. पाठीवरचे गुद्दे थांबले होते. मी वळून बघितलं. अभिनंदन गवतावर हात टेकून ओकत होता. त्यानं काहीच बघितलं नव्हतं.

डॉक्टर पळत आले. त्याच्या डोळ्यांत बॅटरी मारली आणि म्हणाले, "मेंदूचे डॉक्टर कोल्हापुरातच. रुग्णवाहिका मघाशीच गेलीय, आता थांबू नका, गाडी काढा. मी फोन करून ठेवतो. आणि हुक्केरी, याला झोपू देऊ नका. बोलत ठेवा."

टीमच्या सुमोत मी आणि अभिनंदन मागं बसलो. भरमू ड्रायव्हरनं गाडी काढली. ऊन अजून चांगलं कडक होतं. मी एका हातानं त्याची मान धरली होती.

गावाबाहेर पडल्यावर त्यानं डोळे उघडले. "सर? काय झालं?"

"तुला लागलंय. कोल्हापूरला चाललोय."

"आणि मॅच?"

"जिंकलो."

"काय सांगता!" त्यानं पुढं वाकून भरमूच्या मानेला मिठी मारली. गाडी रस्त्यावर हेलकावली. "भरमूदा, जिंकलो मर्दा! हैदराबादला हाणला!" त्याच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. "शेवटचा डाव कसा झाला ओ? मी नेला न्हवं?"

"दस्तगीरनं नेला."

"आणि मी?"

"तू बाहेर होतास."

"मला बाहेर कुणी काढला?"

"मी," मी म्हटलं. "तू ठीक नाहीस म्हणून कोचना सांगितलं."

त्याचा चेहरा मला बघवेना. तो मला शिव्या देत नव्हता. "सर, माझी अमेरिका गेली की ओ," एवढंच म्हणत राहिला. "घरी काय सांगू मी? तुम्ही माझं वाटोळं केलासा."

चार-पाच मिनिटं गेली. संकेश्वरजवळ आम्ही हमरस्त्याला लागलो. अभिनंदननं खिडकीबाहेर बघितलं, मग माझ्याकडं वळला आणि अगदी सहज विचारलं, "सर, मॅच किती वाजता हाय?"

भरमूनं आरशातून माझ्याकडं बघितलं.

"झाली मॅच," मी म्हटलं. "जिंकलो आपण."

"काय सांगता!" परत तोच आनंद, तसाच नवाकोरा. परत भरमूच्या मानेला मिठी. "शेवटचा डाव मी नेला न्हवं?"

आणि परत सगळं पहिल्यापासून. दस्तगीर, मी बाहेर, कुणी काढला, मी. परत तेच रडणं. निपाणीपर्यंत हे चारदा झालं. प्रत्येक वेळी तो पहिल्यांदाच जिंकत होता आणि पहिल्यांदाच हरत होता. मी त्याला विजयाची बातमी देताना डाव जास्त जास्त रंगवून सांगायला लागलो, म्हणजे पुढचा प्रश्न उशिरा येईल. दस्तगीरच्या अंगावर पाच जण होते, त्याचे मी सात केले. भरमूही स्टिअरिंगवर हात आपटून "आणि मग? आणि मग?" करायला लागला. त्याला सगळं माहीत होतं तरी. गाडीत आम्ही तिघं जणू परत परत तो सामना जिंकत होतो, आणि मग तो विचारायचा, मला कुणी काढला?

निपाणीच्या पुढं भरमू न राहवून म्हणाला, "सर, सांगून टाका की त्यानंच नेला म्हणून. पाच मिन्टात इसरतोय. काय जातंय तुमचं?"

पुढच्या खेपेला मी तसं केलं. "शेवटचा डाव मी नेला न्हवं?" असं त्यानं विचारलं आणि मी म्हणालो, "तूच नेलास. सात जण अंगावर होते तुझ्या."

मला वाटलं होतं तो छप्पर फोडेल. तो ओरडला नाही. त्यानं आपले हात उलटसुलट करून बघितले. मग डोळे मिटून घेतले, कपाळावर आठ्या आल्या. "मग मला आठवत का न्हाई?" तो म्हणाला. "सर, मला आठवत का न्हाई? मी नेला आणि मलाच आठवंना झालंय." आणि तो असा घाबरून रडायला लागला की आधीची चार रडणी त्यापुढं काहीच नव्हती. त्यानं माझी मनगटं धरली आणि पुन्हा पुन्हा तेच विचारत राहिला. भरमूनं परत आरशात बघितलं नाही.

त्यानंतर मी खोटं बोललो नाही.

कागल आलं. सूर्य उसाच्या शेतांवर उतरला होता. "सर," तो म्हणाला, "मॅचचं काय झालं?"

"जिंकलो."

त्यानं या वेळी आरोळी मारली नाही. दमला होता. गालात हसला. "शेवटचा डाव कुणी नेला?"

"दस्तगीरनं."

"दस्त्या? त्याला चेंडू धरता येतो व्हय?" त्याला हसू आलं. "आणि मी कुठं होतो?"

"बाहेर. मी काढलं तुला. तू ठीक आहे म्हणत होतास, मी कोचना सांगितलं की ठीक नाही."

मी वाट बघत बसलो. त्यानं मागं डोकं टेकलं.

"बरं केलासा सर," तो म्हणाला. "मला दोन-दोन दिसत हुतं. घर बी दोन दिसत हुती. कुठल्या घरात न्यायचा ह्येच कळत नव्हतं. मरायचोच मी." त्यानं माझा हात थोपटला, मोठ्या माणसानं लहानाचा थोपटावा तसा. "तुम्ही बोललासा म्हणून वाचलो."

भरमूनं गाडीचा वेग थोडा कमी केला, मग परत वाढवला.

हॉस्पिटलच्या दारात स्ट्रेचर तयार होतं. त्याला त्यावर ठेवताना तो मला म्हणाला, "सर, मॅच किती वाजता हाय?"

मेंदूला सूज होती आणि थोडा रक्तस्राव. शस्त्रक्रिया लागली नाही. अकरा दिवस तो तिथं होता. डॉक्टर मला म्हणाले की आणखी एक ठोका बसला असता तर तुम्ही याला आणलं असतंत, पण आम्हाला काही करता आलं नसतं. हे त्यालाही त्यांनी सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खोलीत गेलो तेव्हा तो उशाला टेकून बसला होता. आई त्याला पेज भरवत होती. नजर स्थिर होती. माझ्याकडंच बघत होता.

"सर, पोरं सांगालती, जिंकलो म्हणून."

"जिंकलो."

"मला काहीच आठवत न्हाई. दुपारी ती मोठी धाव मारली तेवढं आठवतं. गाडीत कवा बसलो, कसा आलो, काय न्हाई." त्यानं आईचा हात बाजूला केला. "मला बाहेर कुणी काढला?"

आईनं चमचा वाटीत ठेवला. गाडीतून येताना ज्याला मी तेच उत्तर इतक्या वेळा दिलं होतं, त्याला ते आणखी एकदा द्यायला मला काय जड जावं? पण जड गेलं. कारण आता तो विसरणार नव्हता.

"मी," मी म्हणालो.

त्यानं भिंतीकडं तोंड फिरवलं. आईनं मला हातानंच खूण केली, जा आता.

अमेरिकेला दस्तगीर गेला. तीन महिन्यांनी परत आला, दहा किलो वाढवून. पुढच्या वर्षी लीग बंद पडली. ग्रिग्जअण्णा परत ओहायोला गेले, त्यांची दिवाळीला पत्रं यायची. अभिनंदननं जयसिंगपूरला ट्रॅक्टरच्या सुट्या भागांचं दुकान काढलं. तिथं त्याचं चांगलं चाललंय. लग्न झालं, मुलगी झाली. मी भेटलो की बसा म्हणतो, चहा मागवतो, आपल्या मुलीला कुठल्या शाळेत घालू ते विचारतो. आणि चहा संपायच्या आत कधीतरी म्हणतोच, "सर, तुम्ही तोंड उघडलं नसतं तर तो डाव माझा हुता." चेष्टेनं म्हणतो. पण माझ्याकडं बघत नाही.

गेल्या वर्षी दस्तगीरच्या घरी जेवण होतं, सगळी जुनी टीम जमली होती. पंगतीत अभिनंदन तेच बोलला आणि पोरं हसली. भरमू माझ्याशेजारी जेवत होता. आता त्याचे केस पांढरे झालेत. त्यानं घास खाली ठेवला. "अभिनंदन," तो म्हणाला, "तुला ठावं न्हाई, त्या दिवशी कागलला तू..."

मी हळूच त्याचा गुडघा दाबला.

"कागलला काय?" अभिनंदननं विचारलं.

भरमूनं माझ्याकडं बघितलं. "कागलला गाडी पंक्चर व्हायची राहिली," तो म्हणाला आणि परत जेवायला लागला.

घरी जाताना गाडीत त्यानं मला विचारलं, "का थांबवलंसा सर? सांगितलं असतं तर मिटलं असतं की."

"त्याला पटलं नसतं," मी म्हणालो. "सरांचा दुभाष्या म्हणून बोलतोस, असं तुला म्हणाला असता."

भरमू हसला आणि गाडी चालवत राहिला. खरं म्हणजे मी त्याला पूर्ण उत्तर दिलं नव्हतं. कागलला अभिनंदन 'बरं केलासा' म्हणाला, ते त्यानं मला एकदा दिलं होतं, आपण होऊन, मी न मागता. ते त्याच्यासमोर परत नेऊन ठेवलं असतं आणि त्यानं नाही म्हटलं असतं, तर माझ्याकडं काहीच उरलं नसतं.